डोक्यात उरलेलं पुस्तक

ग्रंथालयाच्या परतीच्या खिडकीवर खांबेटेंनी यंत्र रेवतीच्या कपाळाशी धरलं, तर तांबडा दिवा लागला.

"शरीरशास्त्राची मुदत कालच संपली. डोक्यात उतरवलेलं पुस्तक आपोआप पुसलं जातं. तुझं कसं उरलं? चोरून प्रत केलीस ना? आता दुसरं पुस्तक मिळायचं नाही."

"नाही हो सर. रीतसर घेतलेलं, ते पुसलंही गेलं. पण रोज आईला समजावून सांगायचे. सांगता सांगता जे कळलं, ते राहिलं."

असल्या थापा खांबेटेंनी खूप ऐकल्या होत्या. "कळलं? मग सांग बघू, हृदय कसं चालतं."

रेवतीने मूठ मिटून, उघडून दाखवली. रक्त कुठून येतं, कुठे जातं, झडपा त्याला मागे का फिरू देत नाहीत, सगळं तिने हातवारे करत सांगितलं.

"अच्छा, झडपा मिटतात, म्हणून दोन ठोके ऐकू येतात होय," खांबेटे बोलून गेले आणि हातातल्या यंत्राकडे बघू लागले.

रेवतीखेरीज कुणी बघत नाही असं पाहून त्यांनी यंत्र हळूच स्वतःच्या कपाळाला लावलं.

दिवा तांबडा लागला.