फॅमिली ग्रुप

चाकणच्या जमिनीच्या वाटणीत भांडण झालं, तेव्हापासून रविराज धाकट्या भावाशी, प्रीतमशी, एक शब्द बोलला नव्हता. एकदा मोबाइल चाळताना त्याला प्ले स्टोअरच्या फॅमिली ग्रुपमध्ये प्रीतमचं नाव दिसलं.

"उत्कर्षा, ह्याला आधी काढ यातनं! कसली आलीय फॅमिली?" तो लेकीवर डाफरला.

"पप्पा, ग्रुप काकांचा आहे. तुम्ही रोज खेळता तो क्रिकेटचा गेम त्यांनीच विकत घेतलाय. त्यांच्या ग्रुपमध्ये आहोत म्हणून आपल्याला फुकट चालतो. आपण त्यांना नाही काढू शकत, ते आपल्याला काढू शकतात. पण भांडणानंतरही काढलं नाही त्यांनी."

रविराज मोबाइलवर तो गेम उघडून बसला. मग लेकीकडं न बघताच म्हणाला,



"काकाला म्हणावं, कॅरमचापण घे. दोघांत खेळायचा."