लाइट ठीक होता

“मान जरा डावीकडे. चष्मा चमकतोय,” फिलिपा म्हणाली.

नॉर्मन हॅस्लमनं चष्मा काढून खिशात ठेवला. बरबँकच्या त्याच्या दोन खोल्यांत खिडकीशेजारी राखाडी चादर टांगलेली होती, तिच्यापुढे स्वयंपाकघरातली खुर्ची आणि समोर शब्दकोशांच्या चळतीवर टेकवलेला लेकीचा, फिलिपाचा, फोन. हल्ली ऑडिशनला कोणी बोलावत नसे. घरीच चित्रीकरण करायचं आणि पाठवून द्यायचं. समोरच्या पात्राची वाक्यं फिलिपा वाचायची. सपाट आवाजात, कारण वाचणाऱ्यानं अभिनय करायचा नसतो.

एक्क्याऐंशी वर्षांचा नॉर्मन चव्वेचाळीस वर्षं अमेरिकेत इंग्रज असण्यावर पोट भरत आला होता. बटलर, लॉर्ड, बिशप, औषधात विष कालवणारा डॉक्टर, पहिल्या जाहिरातीच्या आत मरणारा न्यायाधीश. आवाज सगळ्यांचा एकच, कडक इस्त्रीचा. तरुणपणी लंडनच्या नाट्यशाळेनं त्याच्या जिभेवरचं बोल्टन, इंग्लंडच्या उत्तरेतलं त्याचं खाणकामगारांचं गाव, खरवडून काढलं होतं आणि त्या जागी बसवलेला आवाज तो घरातही उतरवत नसे. सवय मोडली तर काम जाईल, म्हणायचा. जेवताना मीठ मागायचं तरी लॉर्डसारखं मागायचा. त्याचा मूळचा आवाज फिलिपानं ऐकला होता तो लहानपणी, नाताळात, बंद दाराला कान लावून, आतमध्ये तो गावाकडच्या बहिणीशी फोनवर बोलत असताना.

आजची भूमिका मात्र बोल्टनकडच्याच एका म्हाताऱ्या खाणकामगाराची होती. मुलाकडे अमेरिकेत येऊन राहिलेला, मागे सोडलेल्या कबुतरांसाठी झुरणारा. नॉर्मनचा बाप खाणीतच होता. त्याचीही कबुतरं होती.

“दाणे कोण घालतं त्यांना?” नॉर्मननं विचारलं. शब्द जाडेभरडे झाले होते, शेवटची अक्षरं घशातच राहत होती.

“शेजाऱ्याला सांगितलंय,” फिलिपानं मुलाचं वाक्य वाचलं.

“नावं माहीत आहेत का त्याला?”

एवढंच. तिनं कागद मांडीवर ठेवला. चित्रीकरण थांबवायचं तिला सुचलं नाही.

नॉर्मननं फोनच्या पलीकडे, तिच्याकडे पाहिलं. “कसं झालं, पोरी?” अजून त्याच आवाजात. पोरी अशी हाक त्यानं तिला कधी मारली नव्हती.

हा प्रश्न तो दर वेळी विचारायचा आणि ती दर वेळी एकच उत्तर द्यायची. चांगलं म्हणावं तर त्या बटलरांची पाठ थोपटल्यासारखं होई, आणि वाईट म्हणायचं तिच्या जिवावर येई.

“लाइट ठीक होता,” ती म्हणाली.

नॉर्मननं मान हलवली. “लाइटला माझे आभार कळव,” तो लॉर्डच्या आवाजात म्हणाला आणि चहा टाकायला उठला.

चहा पिऊन फिलिपा घरी गेली आणि रात्रीच तिनं चित्रीकरण पाठवून दिलं. दुसऱ्या दिवशी सकाळी तिनं दोनदा फोन केला. मग किल्ली घेऊन गेली. तो शेगडीपाशी पडला होता. किटली भरलेली होती, गार.

अंत्यविधीनंतर सांता मोनिकाच्या पबमध्ये जुनी इंग्रज मंडळी जमली. प्रत्येकानं त्याच्या बटलरची नक्कल केली, प्रत्येक नकलेला हशा पिकला. फिलिपा हातातलं सँडविच कुस्करत उभी राहिली.

मंगळवारी तिच्या फोनवर निरोप आला. भूमिकांसाठी नट निवडणाऱ्या बाईचा, एजंटच्या कचेरीतून तसाच पुढे ढकललेला. म्हातारा गोड आहे, पण उच्चार खरा वाटत नाही. अस्सल ब्रिटिश बोलता येईल का त्याला, त्या बटलरसारखं? शुक्रवारपर्यंत पुन्हा पाठवा.

तिनं लेनर्ड गॉसला फोन लावला. एकतीस वर्षं तो नॉर्मनचा एजंट होता. तो ओशाळला. कचेरीतल्या मुलीनं न बघता पाठवलं, त्या बाईंना अजून कळवायचंच राहिलंय, मनावर घेऊ नकोस, असं बरंच बोलला. मग म्हणाला, “आता बोलून काय उपयोग, पण फिलिपा, मलाही तो आवाज थोडा नाटकी वाटला.”

“त्याचा बाप खाणीत होता, लेनर्ड.”

“कुणाचा? त्या कथेतल्या म्हाताऱ्याचा?”

तिनं फोन ठेवला. तो भिंतीवर आपटायला तिनं हात उचलला. पण त्यातच नॉर्मन होता.

नॉर्मनच्या खोलीत राखाडी चादर अजून तशीच टांगलेली होती. एक कोपरा सुटून लोंबत होता. फिलिपानं खुर्ची ओढली, शब्दकोशांच्या चळतीवर फोन पुन्हा टेकवला आणि चित्रीकरण लावलं. दाणे कोण घालतं त्यांना. तिचा स्वतःचा सपाट आवाज. नावं माहीत आहेत का त्याला. मग नॉर्मननं पडद्यातून थेट तिच्याकडे पाहिलं.

“कसं झालं, पोरी?”

तिचंच त्या दिवशीचं उत्तर यायच्या आत तिनं पडद्यावर बोट ठेवून त्याला थांबवलं. तो तोंड किंचित उघडं ठेवून वाट बघत राहिला.

“उत्तम झालं, डॅड,” ती मोठ्यानं म्हणाली. तिचा आवाज चढला होता. “घरात हा आवाज हवा होता मला. घरात.”