तड्यावरची काच

शाळेच्या भिंतीला तडा गेला, तेव्हा परभणीहून आलेल्या इंजिनिअरसाहेबांनी त्यावर काचेची एक पट्टी आडवी चिकटवली. खाली तारीख घातली आणि शिपाई सटवाजीला बजावलं, "ही काच फुटली तर ताबडतोब कळवायचं."

पोळ्याच्या सुमारास काच आपोआप तडकली. बावीस वर्षांच्या नोकरीत सटवाजीच्या हातून सरकारचा पेलासुद्धा फुटला नव्हता.

"कळवा की साहेबाला," शाळा झाडणारी त्याची बायको दगडाबाई म्हणाली.

"आन् नौकरी घालवू? मीच फोडली म्हनतेत!"

त्यानं मानवतहून तेवढीच काच कापून आणली, तिथंच चिकटवली आणि खाली जुनीच तारीख जपून घातली.

माघात एका सकाळी भिंत कोसळली. पोरं यायची होती. दगडाबाई झाडत होती.

साहेब ढिगाऱ्यापुढं कपाळाला हात लावून बसले. "भिंत जराशी सरकली तरी आधी काच फुटते, सटवाजी. म्हणून तर लावली होती! संक्रांतीला मी स्वतः बघून गेलो, चांगली शाबूत होती."

दगडाबाईच्या मुठीतला खराटा सोडवता सोडवता सटवाजी थांबला.

"ती चौथी काच व्हती, साहेब."