खिडकीतला धूसर माणूस

"तुमच्या सिनेमात माझे बाबा आहेत," दारातली बाई म्हणाली. "मारियुपोलला आमच्या गल्लीत शूटिंग झालं, तेव्हा ते खिडकीत उभे होते. युद्धात घर जळालं, बाबा गेले. एक फोटोसुद्धा उरला नाही."

कीव्हच्या ओस्ताप ह्रिनेविच यांनी चाळीस वर्षं कॅमेरा चालवला होता. नायिकेचा चेहरा त्यांच्यासारखा कुणी टिपत नाही, असा त्यांचा लौकिक होता. त्यांनी बाईला आत बसवून सिनेमा लावला.

त्या गल्लीतलं दृश्य आलं. नायिका लख्ख दिसत होती. मागच्या खिडकीतला माणूस धूसर होता. नायिका उठून दिसावी म्हणून त्यांनीच तो मुद्दाम धूसर केला होता. त्याच दृश्यासाठी त्यांना पारितोषिक मिळालं होतं.

"माफ करा," ते पुटपुटले. "चेहरा यात नाहीच."

"चेहरा मला पाठ आहे," पडद्याला हात लावत ती म्हणाली. "बाबा हात हलवत होते, हे मी विसरले होते. पुन्हा लावता?"

ती गेल्यावर ओस्तापनी आपले सगळे सिनेमे पुन्हा पाहिले. नायिकांकडे त्यांचं लक्षच जाईना. प्रत्येक दृश्यात मागे कुणी ना कुणी धूसर उभं होतं.