नव्व्याण्णव साते

"कुणासाठी गेला होतात, सर?" पंच भीमाबाईंनी विचारलं.

विठ्ठलवाडीत पिठाच्या गिरणीच्या वर कालप्रवासी पंचमंडळाची खोली आहे. मागच्या काळात जाऊन कुणी ढवळाढवळ केली, की तो तंटा तिथे सुटतो. पहिला प्रश्न दरवेळी हाच असतो, आणि ज्याने ढवळाढवळ केली त्याने उभं राहून उत्तर द्यायचं, ही तिथली रीत. पंचाहत्तर वर्षांचे शेलार सर उभे होते. गिरणी चालू असल्याने पायाखालची लादी थरथरत होती.

"मुलीसाठी," सर म्हणाले. "रचनासाठी."

रचना समोरच्या खुर्चीत बसली होती. सरांची जुनी विद्यार्थिनी, आता डोंबिवलीत स्वतःचा गणिताचा क्लास चालवणारी. रविवारी ठाण्यात टेंभी नाक्याजवळच्या हॉलमध्ये सरांचा सत्कार होता, त्यात तीच बोलणार होती. तिला यातलं काहीच ठाऊक नव्हतं. मागे काही बदललं तर जुनं फक्त मंडळाच्या सभासदांना आठवतं.

तिच्या शेजारची स्वप्ना सरांसारखीच सभासद होती. तक्रार तिचीच होती.

"मंगळवारी मी हिच्या घरी गेलेले, नेहमीसारखी," स्वप्ना म्हणाली. "दार उघडून ही मला विचारते, आपण कोण? सव्वीस वर्षांची मैत्री, भीमाताई. हिच्या बाळंतपणात मी रजा टाकून उशाशी बसलेले. आणि आपण कोण!"

रचना अवघडली. "सॉरी हं, मॅडम. मला खरंच..."

"मॅडम नको गं म्हणू."

"सर, काय पुसलंत ते सांगा," भीमाबाई म्हणाल्या. "तिच्याकडे बघून. भिंतीकडे नाही."

सरांनी मान वळवली. "आंबिवलीची शाळा. पाचवी ब. नव्व्याण्णव गुणिले सात. तू गुणाकार मांडलाच नव्हतास, नुसतं सहाशे त्र्याण्णव लिहिलं होतंस. मी म्हणालो, कुणाचं बघितलंस? वही दाराबाहेर फेकली. चार फूटपट्ट्या मारल्या. सातशेतून सात काढले सर, असं तू सांगत होतीस. मी ऐकलं नाही."

रचना हसली. "असं कसं, सर? तुम्ही तर मला फळ्यापाशी बोलावलंत. ही रीत सगळ्यांना समजावून सांग म्हणालात. त्या दिवसापासून तर मला गणित आवडायला लागलं."

"ते मी या सोमवारी जाऊन केलं."

तिचं हसू ओसरलं. "आणि आधी? आधी मी गणित शिकवत नव्हते?"

"शिकवत होतीस की," स्वप्ना म्हणाली. "तेव्हाही तूच ती. फक्त तेव्हा मी उठलेले. म्हटलं, सर, अजून कुणाचंच झालेलं नाही, मग ही बघेल तरी कुणाचं? मलाही दोन बसल्या. मग बाहेरून तुझी वही आपण दोघींनी उचलून आणली. तिथून आपण."

भीमाबाईंनी पदराने चष्मा पुसला. "सर, पुन्हा विचारते. कुणासाठी?"

सरांनी घसा साफ केला. वर्गात उत्तर येत नसलं की मुलं असंच करायची.

"रविवारी ती माइकपुढे उभी राहणार होती. चारशे माणसांसमोर तिने हे सांगितलं तर, अशी भीती वाटली. माझ्यासाठी गेलो."

"सर, तुम्ही आम्हाला खोडरबर आणू द्यायचा नाहीत," रचना हळू म्हणाली. "चुकलं तर एक रेघ मारा, खाली पुन्हा सोडवा. कुठे चुकलं ते दिसलं पाहिजे, म्हणायचात."



"ज्याचे दिवस बदलले, निवाडा त्याचा," भीमाबाई रचनाला म्हणाल्या. "असंच राहू दे म्हणालीस तरी चालेल, पोरी. आठवण चांगली आहे तुझी. जुनं हवं असेल तर सरांना परत जाऊन ते जसंच्या तसं करावं लागेल."

"दुसरं कुणी नाही का..." सरांनी विचारलं.

"ज्याने पुसलं त्यानेच लिहायचं."

रचनाने नको म्हणावं, असं सरांना वाटलं. आणि तसं वाटल्याचीच त्यांना लाज वाटली.

रचना स्वप्नाकडे वळली. "खूप लागलं होतं का?"

"तुला? चांगलेच वळ उठलेले."

"मला नाही. तुला."

स्वप्नाने नुसतीच दोन बोटं वर केली आणि मग म्हणाली, "दोन दिवस."

"माझ्यासाठी भर वर्गात कुणीतरी उभं राहिलं होतं," रचना म्हणाली, "आणि ते मला माहीतच नाही." ती उठली. "मला ते परत द्या, सर."

मागे गेलं की माणूस त्या वेळच्या वयाचा होऊन त्या वेळच्याच जागी उभा असतो. सरांच्या हातांचा कंप गेला होता. बोटांना खडू लागला होता. समोर लाल रिबिनींच्या दोन वेण्यांची, दहा वर्षांची रचना वही दोन्ही हातांत धरून उभी होती.

"सर, झालं! पहिला नंबर माझा."

सरांनी वही पाहिली. पहिल्या वेळी ती त्यांनी नीट पाहिलीच नव्हती. कोपऱ्यात बारीक अक्षरात ७०० लिहून त्याखाली ७ लिहिले होते. इतकी सुंदर रीत इतक्या वर्षांत फार थोड्या मुलांना सुचली होती.

"कुणाचं बघितलंस?" वही मिटत त्यांनी विचारलं.

"कुणाचंच नाही सर, सातशेतून..."

वही दाराबाहेर जाऊन पडली. मुलीने तळहात पुढे केला.

सरांनी फूटपट्टी उचलली आणि तिसऱ्या बाकाकडे पाहिलं. स्वप्ना पेन्सिलीला टोक काढत होती. तिने अजून मान वर केली नव्हती.