बेसमेंटमधली घंटा

अमेरिकेत, पार्सिपनीच्या आमच्या घराच्या बेसमेंटमध्ये मी बाबांची ऑडिशन रेकॉर्ड करत होते. आधी पुण्यात नाटकं, मग सिनेमे, आता इथल्या सीरियल्स. चाळीस वर्षांत रोल मात्र तेच. पोस्टमन, डॉक्टर, पहिल्या अंकात मरणारे काका. मोठा रोल पहिल्यांदाच येत होता आणि पाचच्या आत व्हिडिओ पाठवायचा होता.

बाबांच्या मागे भिंतीवर निळी चादर ठोकली होती. कॅमेऱ्याशेजारी हेडफोन लावून मी समोरच्याचे संवाद वाचत होते.

पहिल्या टेकला हेडफोनमध्ये घंटा वाजली.

"बाबा, फोन सायलेंट करा ना."

"फोन वर किचनमध्ये आहे, प्रीता."

दुसऱ्या टेकला ती पुन्हा वाजली. मी घाईने हेडफोन काढून टेबलावर ठेवला. बेसमेंट एकदम शांत होतं.

बाबांनी मात्र चपला काढल्या, कॉलर नीट केली, वाकून जमिनीला हात लावला आणि तो कपाळाला टेकवला. प्रयोगाआधी विंगेत ते असंच करायचे.

"बाबा, ब्रेक घेऊ या."

"आता कसला ब्रेक? दुसरी झाली."

ती घंटा ऐकायला त्यांच्या कानात हेडफोन नव्हता.

मी कॅमेरा बंद करायला हात पुढे केला आणि तिसरी घंटा वाजली. या वेळी हेडफोनमध्ये नाही, खोलीत.

बाबा माझ्याकडे पाठ करून चादरीसमोर उभे राहिले. ती अखंड चादर मधोमध उघडून दोन्ही बाजूंना सरकू लागली. जिथे भिंत होती तिथून, भरल्या थिएटरात खोकतात तसं, कुणीतरी खोकलं.