तिरडीवरचं नाव

खेमराज थापा सकाळपासून तिरडीवर मरून पडला होता. कोल्हारला, प्रवरेच्या काठी, भर उन्हात. नाकात कापूस, अंगावर पांढरं कापड, मानेखाली बांबूची गाठ. नेपाळहून येऊन त्याला तीस वर्षं झाली होती. केडगावात त्याची चायनीजची गाडी. पण ह्या भागात कुणी कमी पैशांतला सिनेमा काढला, की नेपाळी वॉचमन म्हणून त्यालाच बोलावणं येई. शिट्टी वाजवायची, फाटक उघडायचं, 'जी शाब' म्हणायचं. त्याचं मराठी चांगलं खणखणीत होतं, पण ते कुणालाच नको होतं. आज निदान मरायचं काम होतं. आडवं तरी पडता आलं.

रडायला गावातल्या मुक्ताबाईंना आणलं होतं. त्या पदर ओढून तिरडीपाशी बसल्या आणि अडूनच बसल्या.

"मेलेल्याचं नाव काय?"

दिग्दर्शक गंधारने कागद चाळले. त्यात नुसतं 'वॉचमन' होतं. "नाव नाहीये, मावशी. तुम्ही नुसतं रडा."

"नुसतं कसं रडायचं? आमच्यात नाव घिऊन, गुन सांगून रडत्यात."

"मग बहादूर म्हणा."

"खेमराज म्हना," तिरडीवरून आवाज आला. "नेपाळात आसतं आसं नाव."

सेटवर सगळे त्याला बहादूरकाका म्हणत. खेमराज हे त्याचंच नाव, हे कुणाच्या ध्यानीमनीही नव्हतं. पडद्यावर एकदा तरी आपलं नाव कुणी घ्यावं, एवढीच त्याची हौस.

मुक्ताबाईंनी हेल काढला. "खेमराजदादा रं! कुठल्या मुलखातनं आला अन् कुठं झोपला रं! तुझ्या आईला कोन सांगंल रं दादा!"

"कट!" गंधार ओरडला. "काका, प्रेत रडतंय!"

दुसऱ्यांदा सगळं नीट झालं. गंधार खूश. "आवाज तसाही काढूनच टाकणार आहोत," तो कॅमेरावाल्याला म्हणाला, "वर बासरी येईल."

खेमराज उठून बसला. नाकातला कापूस काढला. त्याला वाईट वाटलं, रागही आला; पण रागवायलासुद्धा अंगात त्राण उरलं नव्हतं.

मुक्ताबाई पाण्याचा तांब्या घेऊन आल्या. "घ्या दादा. तुमचं खरं नाव काय वो?"

"खेमराजच."

त्यांचा चेहरा पडला. "आरं देवा! जित्या मानसाचं नाव घिऊन रडले मी!"

लगबगीने त्यांनी आपलं फडकं सोडलं, भाकरीचा तुकडा मोडला आणि त्याच्यावरून उतरवायला हात उचलला. खेमराजने तो हात वरच्या वर धरला.

"ऱ्हाऊ द्या, आक्का. इथं मेलो तर माझं नाव घिऊन रडाया कुनी न्हाई. आज तुमी रडला, तेवढं उतरवू नका."